सायबाचा घुमट

अंबरूसायब जमिनीवर उताणा झोपला, दोन्ही हात छातीवर जुळवले आणि डोळे मिटून म्हणाला, "घे माप."

सोमा पाथरवट हातात दोरी धरून तसाच उभा राहिला. देवळांच्या खांबांची आणि पायऱ्यांची मापं त्यानं जन्मभर घेतली होती. खांब असं बोलत नसत.

"टोपीसकट की टोपीबिगर?" त्यानं माझ्या कानाशी येऊन विचारलं.

मी सायबाला विचारलं. दुभाष्याचं काम प्रश्न पोचवण्याचं. प्रश्न शहाणा आहे की नाही हे बघणं त्या पगारात येत नव्हतं.

"टोपीसकट," सायब म्हणाला. "आणि पायांशी जरा जागा सोड म्हणावं. मला आखडून झोप लागत नाही."

पलीकडे करवंदीच्या जाळीजवळ वलंदेज स्वतःची खुर्ची मांडून बसला होता. त्याला कोणी बोलावलं नव्हतं. तो मला म्हणाला, "दुलबा, त्याला सांग, तिथं गेल्यावर कूस बदलता येत नाही."

"सायब, ते म्हणतात, आपल्याला निवांत झोप लागेल."

"ऐकलं मी. त्याला सांग, निदान तिथून त्याचं तोंड दिसणार नाही."

"ते म्हणतात, आपली आठवण येईल," मी वलंदेजाला सांगितलं.

"ऐकलं मी," वलंदेज म्हणाला.

आमच्या वेळकोंड बंदरात तेव्हा दोन वखारी होत्या, एक इंग्रजांची आणि एक हॉलंडच्या वलंदेजांची, आणि दोन्हींच्या मध्ये एक बोळ. इंग्रजांच्या वखारीचा मुख्य अँब्रोज व्हिटकोम. गावानं त्याचा अंबरूसायब करून टाकला होता. समोरच्या वखारीत योरिस नावाचा वलंदेज. त्याला कोणी नाव दिलं नाही, कारण वलंदेज एकच होता, घोटाळा व्हायचा प्रश्न नव्हता.

दोघांचं भांडण होतं. कारण मिऱ्यांचं. दोघं भांडणाची हकीकत वेगवेगळी सांगायचे आणि दोन्ही हकीकती खऱ्या होत्या. त्या दिवसापासून एकमेकांशी बोलायचं नाही, अशी दोघांनी शपथ घेतली होती. शपथ कडक होती. पण बंदरात बुद्धिबळ येणारी माणसंही दोनच होती. म्हणून रोज उन्हं कलली की वलंदेज बोळ ओलांडून यायचा, इंग्रजांच्या ओटीवर पट मांडला जायचा, आणि मध्ये मी बसायचो.

"दुलबा, त्याला सांग, त्याचा उंट मेला."

"दुलबा, त्याला सांग, मला दिसतंय."

दोघांनाही फिरंगी, म्हणजे पोर्तुगीजांची, भाषा उत्तम यायची, शिव्यांसकट. मी सांगायच्या आधीच दोघांना सगळं कळलेलं असायचं. तरी निरोप माझ्या तोंडून गेल्याशिवाय पोचला असं कोणी मानत नसे. आणि मी निरोप नेताना त्याची टोकं जरा घासून घ्यायचो. मूळ शब्द कानांवर पडल्यावर दोघं लाल व्हायचे आणि माझा निरोप ऐकल्यावर पुन्हा पटाकडे वळायचे. मी वलंदेजाला सामील आहे असं सायबाला वाटायचं आणि सायबाला सामील आहे असं वलंदेजाला. नोकरी इतकी पक्की पुन्हा कधी नव्हती.

त्या वर्षी श्रावणात सायबाला ताप आला. दर पावसाळ्यात यायचा, पण या वेळी गेला नाही. वैद्य आला, नाडी बघून गेला. फिरंग्यांच्या बंदरातून एक दाक्तर आला, त्यानं रक्त काढलं आणि तोही गेला. सायबाची कातडी लिंबासारखी पिवळी पडली.

आणि नेमकं हेच वर्ष सायबाला महत्त्वाचं होतं.

इंग्रजांच्या मुलखात राजाची एक मोठी सभा असते. गावोगावचे मातब्बर तिथं बसून राजाला पैसे द्यायचे की नाही ते ठरवतात. सायबाच्या गावची जागा त्याच्या म्हाताऱ्या चुलत्याकडे होती. चुलत्यानं कळवलं होतं की मी थकलो, या हंगामाच्या जहाजानं ये आणि जागा घे. नाही आलास तर तुझ्या चुलतभावाला देतो.

"म्हणजे पाटीलकीच," मी म्हणालो.

"नाही. पाटीलकी बापाकडून मुलाकडे जाते. आमच्यात लोक निवडतात."

"कसे निवडतात?"

"चुलता सांगतो, त्याला निवडतात." मग सायबानं पुस्ती जोडली. "त्याआधी त्यांना जवाची दारू पाजावी लागते. नाहीतर त्यांना ते आपण निवडलं असं वाटत नाही."

अठरापगड लोकांना मिरी विकायला लावणारा हा माणूस, पण त्याचा सगळा जीव त्या सभेत होता. ओटीवर येरझाऱ्या घालत तो तिथली भाषणं तयार करायचा. समुद्रावरच्या जकातीबद्दल, वलंदेजांच्या लबाडीबद्दल. "मला तिथं उभं राहून एकदा बोलायचंय, दुलबा," तो म्हणायचा. "एकदाच. जन्मभर मी भाव बोललो. मला वाक्यं बोलायची आहेत."

आता अंथरुणावरून उठवत नव्हतं. जहाज सुरतेहून पौषात निघणार होतं. भाद्रपद संपता संपता सायबानं जहाजाचं नाव काढणं सोडलं आणि थडग्याचं काढलं.

टेकडीवर वलंदेजांच्या आधीच्या मुख्याचं थडगं होतं, घुमट असलेलं. समुद्रातून येताना बंदराच्या आधी तो घुमट दिसायचा. सायबाला त्याची जन्मभर चीड होती. "मरायचंच आहे तर त्याच्याहून हातभर उंच मरेन," तो म्हणाला. दसरा झाल्यावर पालखीतून टेकडीवर जाऊन, सोमाला बोलावून मापं घेतली ती अशी.

काम सुरू झालं आणि सायबाला चैन पडेना. सोमा चिरे नीट बसवतो की नाही, हे बघायला तो आधी पालखीतून टेकडीवर गेला. मग भोई उशीर करतात म्हणून काठी टेकत गेला. मग काठी सोमाच्या पोरांना हाकायला लागते म्हणून नुसताच गेला. घुमटाचा पहिला थर चढला त्या दिवशी तो दुपारी दोन वाट्या पेज प्याला.

वलंदेजही रोज खुर्ची घेऊन हजर असायचा. घुमट हातभर वर गेल्यावर थडग्यावर कोरायचा मजकूर सायबानं सोमाला ऐकवला तेव्हा मी मध्ये उभा होतोच.

"'येथे अँब्रोज व्हिटकोम विसावला आहे. प्रामाणिक व्यापारी...'"

"दुलबा, त्याला सांग, हा दगड चांगला आहे. त्यावर असं काही कोरू नये."

"ते म्हणतात, दगड चांगला आहे."

"'...उदार मालक...'"

"तुला पगारवाढ कधी मिळाली होती, दुलबा?"

हा निरोप नव्हता, म्हणून मी पुढे नेला नाही.

"'...आणि शत्रूंनाही प्रिय.' त्याला सांग, हे त्याच्यासाठी लिहिलंय. त्याला राग यावा म्हणून."

वलंदेज खुर्ची उचलून खाली गेला. दुसऱ्या दिवशी पाहतो तर जुन्या वलंदेजाच्या घुमटावर पितळेचा कळस चढलेला. सायबाचा घुमट पुन्हा वीतभर खाली.

सायब असा ओरडला की खाली बंदरावर माणसं वर बघायला लागली. त्यानं सोमाकडून घुमट उतरवून घेतला, थर वाढवला, पुन्हा चढवला. स्वतः परातीत चुना कालवला. परांचीवर चढला. कार्तिक संपेपर्यंत त्याचा ताप कुठे गेला हे कोणाच्या लक्षातही आलं नाही, त्याच्याही नाही. एका सकाळी घुमट पुरा झाला, सायब त्याच्या शेजारी परांचीवर उभा राहिला, समुद्राकडे पाहिलं आणि माझ्याकडे वळून जरा ओशाळून म्हणाला, "दुलबा, मला बरं वाटतंय."

"फार चांगलं झालं, सायब."

"पण आता याचं काय करायचं?"

जहाजाला अजून वेळ होता. वखारीत एकच धावपळ उडाली. पेट्या भरल्या, ठेवणीतले कपडे उन्हात पडले, भाषणं पुन्हा ओटीवर येरझाऱ्या घालू लागली. सुरतेपर्यंत न्यायला भिवा तांडेलाचं गलबत ठरलं. बंदरात एवढं मोठं गलबत एकच, आणि त्या वाऱ्यात सुरत गाठणारा तांडेलही एकच.

निघायच्या आदल्या सकाळी भिवा वखारीच्या पायरीशी येऊन उभा राहिला. मागं त्याचे सगळे खलाशी.

"काय रे भिवा?" मी विचारलं.

"शेणवीबाबा, गलबत हाकारूचा नाय."

"का? वारा पडला?"

"वारो बरो हा." भिवानं टेकडीकडे बोट दाखवलं. "ज्येचो खड्डो खणलेलो हा, तेका दर्यार न्हेवचो नाय. खड्डो वाट बघता. मधल्या पाण्यात बोलावन घेता. आमचो रिवाज हा."

मी या बंदरात जन्मलो. असा रिवाज कधी ऐकला नव्हता. पण दर्यावरच्या माणसांचे रिवाज जमिनीवरच्या माणसाला विचारून होत नाहीत.

सायबाला सांगितलं. टोकं घासायला जागाच नव्हती. तो आधी हसला, मग भडकला, मग दुप्पट भाडं देतो म्हणाला, तिप्पट देतो म्हणाला. भिवा पायाच्या अंगठ्यानं माती उकरत मान हलवत राहिला. सायब खुर्चीत बसला. वारा चुकला तर जहाज गेलं. जहाज गेलं तर जागा गेली. त्याचा चेहरा पुन्हा लिंबासारखा व्हायला लागला.

"बुजवा तो खड्डा," तो म्हणाला.

"नुसतो बुजवन भागाचा नाय," भिवा म्हणाला. "माणूस म्हणान काय तरी पुरूक होया. रीतसर. मयतासारखा. चार शब्द बोलान."

"काय पुरायचं?"

"कोवाळो चलात."

सायबानं माझ्याकडे पाहिलं.

"कोहळा, सायब," मी म्हणालो. "भोपळ्यासारखा असतो. अंगावर पांढरी राख."

राजाच्या सभेत बसायला निघालेल्या माणसानं स्वतःच्या पोटाकडे पाहिलं. मग म्हणाला, "मोठा बघून आण."

आमच्या मांडवावर त्या वर्षी एक कोहळा होता, दोन हातांत मावत नव्हता. मी तो काढायला लागल्यावर बायको, म्हाळसा, दारात आली.

"अहो, तो सांडग्यांसाठी ठेवलाय!"

"सायबाच्या जागी पुरायचाय."

तिनं कोहळ्याकडे नीट पाहिलं. "घेऊन जा," ती म्हणाली. "पण बी पक्कं झालंय त्याचं, सायबाला म्हणावं, कुठंही पुरलं तरी वर येईल."

टेकडीवर सारं बंदर लोटलं. कोहळा सायबाच्या जुन्या डगल्यात गुंडाळला होता आणि वर टोपी, कारण माप टोपीसकट घेतलं होतं. इंग्रजांचा पाद्री आमच्याकडे नव्हता. चार शब्द कोण बोलणार, हा प्रश्न निघाला तेव्हा वलंदेज खुर्चीवरून उठला. त्यानं काळे कपडे घातले होते. ते इस्त्री केलेले होते, हे मला तेव्हाच खटकायला हवं होतं.

तो खड्ड्याच्या काठाशी गेला आणि खाली कोहळ्याकडे बघून, फिरंगी भाषेत, मोठ्यानं म्हणाला, "अँब्रोज."

मी दचकलो. माझ्याशिवाय दुसऱ्या कोणाच्या नावानं सुरू होणारं वाक्य मी त्याच्या तोंडून त्या ओटीवर कधी ऐकलं नव्हतं. पण शपथ मोडली असं म्हणता येईना. तो कोहळ्याशी बोलत होता.

"अँब्रोज, तू हट्टी होतास. तुझा वजीर नेहमी लवकर बाहेर यायचा आणि मारला जायचा, आणि तू दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच करायचास. मिऱ्यांच्या बाबतीत तू मला फसवलंस. मी तुला आधी फसवलं होतं, पण ते तुला कळलं नव्हतं, म्हणून ते धरत नाही. तू आजारी पडलास तेव्हा बोळाच्या तुझ्या बाजूला कंदील दिसायचा बंद झाला. पावसात माझ्याकडे दुसरं बघायला काही नव्हतं. मी सगळा मुलूख फिरलोय, अँब्रोज. भांडायला चांगला माणूस मिळणं फार अवघड असतं. तुझ्यानंतर मला या बंदरात जिंकायला कोणी उरलं नाही. तुला ही माती हलकी होवो."

भाषा कोणाला कळली नव्हती, पण सूर कळला होता. कोळणींनी डोळ्यांना पदर लावले.

सायब माझ्या शेजारी उभा होता, जिवंत आणि मान खाली घालून. रीतीप्रमाणे मी त्याच्याकडे वळलो. "सायब, ते म्हणतात..."

"ऐकलं मी," सायब म्हणाला.

मग त्यानं घसा साफ केला. मयतानं उत्तर द्यायची कोणाच्यातच रीत नाही, पण भाषणाची संधी समोर असताना गप्प बसणारा माणूस सभेत जात नाही. तो पुढे झाला, आणि समुद्रावरच्या जकातीवर, वलंदेजांच्या लबाडीवर तयार केलेलं एकही वाक्य त्याला आठवेना. शेवटी माझ्याकडे न बघता म्हणाला, "दुलबा, त्याला सांग, माझा वजीर मी मुद्दाम बाहेर काढत होतो."

"ते म्हणतात," मी वलंदेजाला म्हणालो आणि मला पुढे काही घासून घ्यावंसं वाटलं नाही, "त्यांचा वजीर ते मुद्दाम बाहेर काढत होते."

"ऐकलं मी," वलंदेज म्हणाला आणि मूठभर माती कोहळ्यावर टाकली.

दुसऱ्या दिवशी सायब गेला. धक्क्यावर दोघांनी एकमेकांना पाठ देऊन निरोप घेतला. निरोप अर्थात माझ्याकडे दिला होता.

नंतर बातम्या येत राहिल्या. सायबाला जागा मिळाली, दारू बरीच लागली. सभेत तो बोलतो, फार नाही, पण बोलला की लोक ऐकतात. वलंदेजांवर कडक जकात बसवावी असं तो दर वर्षी म्हणतो आणि वलंदेजांसारखे व्यापारी जगात नाहीत असंही त्याच भाषणात म्हणतो. कोणत्या बाजूचा आहे हे कळत नसल्यामुळे तिथं त्याचं वजन वाढलं.

टेकडीवर पहिल्याच पावसात कोहळ्याचा वेल उगवला आणि घुमटावर चढला. म्हाळसानं पहिल्या वर्षी त्याची फळं घरात आणू दिली नाहीत. दुसऱ्या वर्षी म्हणाली, फळ आपलंच आहे. त्या सांडग्यांना चव चांगली होती.

ओटीवर पट मांडणं थांबलं नाही. नव्या इंग्रजाला बुद्धिबळ येत नव्हतं, म्हणून सायबाच्या बाजूनं मी खेळायचो. वजीर लवकर बाहेर काढायचो.

भिवा तांडेल एकदा शिमग्यात भरपूर प्यालेला भेटला. मी सहज म्हणालो, "भिवा, तुमचा तो खड्ड्याचा रिवाज फार जुना का रे?"

"खयचो रिवाज?" भिवा म्हणाला. "वलंदेजान सांगितल्यान तसा बोललंय. दारवेचा एक पिंप दिल्यान." मग जरा सावरून म्हणाला, "पण आता आमची पोरा मानतत. कोवाळो पुरल्याबिगर कोणच गलबताक हात लावणत नाय."

मी तसाच वलंदेजाकडे गेलो. तो पट मांडत होता.

"ते सगळं तुम्ही घडवलंत?"

"त्या पावसात मी भाषण लिहून ठेवलं होतं," तो सोंगट्यांवरून नजर न उचलता म्हणाला. "पाठही केलं होतं. फार चांगलं भाषण होतं. आणि मग तो बरा झाला."

"पण सायब निघताना धक्क्यावर सांगायचंत ना सरळ."

वलंदेजानं माझ्याकडे असं पाहिलं, जणू मला काही कळत नाही याची त्याला खात्री पटली. "दुलबा," तो म्हणाला, "आम्ही बोलत नाही."

पुढे तोही थकला. वलंदेजांनी वखार बंद केली, माणसं नेली. तो गेला नाही. एका संध्याकाळी म्हणाला, "वरच्या घुमटाखाली जागा बरीच आहे. कोहळ्याला किती लागते? सायबाला विचारून बघ. मी विचारलं असं सांगू नकोस."

मी जाणाऱ्या जहाजाच्या कप्तानाजवळ तोंडी निरोप दिला: वलंदेज विचारतो असं नाही, पण. उत्तर यायला दोन पावसाळे लागतात. वलंदेज दुसऱ्यापर्यंत थांबला नाही. आम्ही त्याला वर नेलं आणि सायबाच्या जागेत, कोहळ्याच्या शेजारी ठेवलं. दगडावरचं नाव आणि मजकूर तसाच राहिला. अजूनही इंग्रजांचं जहाज आलं की नवी पोरं टेकडीवर जातात, प्रामाणिक व्यापाऱ्यापुढे टोप्या काढून उभी राहतात. मी काही बोलत नाही. शेवटची ओळ तरी खरीच आहे.

सायबाचं उत्तर हिवाळ्यात आलं. कप्तान वखारीच्या पायऱ्या चढता चढता म्हणाला, "तुमच्या अंबरूसायबानं सांगितलंय, त्याला खुशाल ठेवा. पण घुमट माझा आहे, हे त्याला बजावून सांगा."

मी त्याच दुपारी टेकडीवर गेलो. वेलाची पानं बाजूला केली आणि फिरंगी भाषेत, शब्दाला शब्द, निरोप सांगितला.

मग सवयीनं उत्तरासाठी थांबलो.